हिप्पोचे ऑगस्टीन

संत ऑगस्टीन (१३ नोव्हेंबर, इ.स. ३५४ – २८ ऑगस्ट, इ.स. ४३०) हे रोमन साम्राज्याच्या उत्तर आफ्रिकेतील प्रांतात होऊन गेलेले ख्रिस्ती बिशप, तत्त्वचिंतक आणि लॅटिन भाषेतील ग्रंथकार होते. ईश्वराची कृपा, मानवाचे मूळ पाप, पिता-पुत्र-पवित्र आत्मा यांचे त्रैक्य आणि चर्चचे स्वरूप या ख्रिस्ती धर्माच्या मूलभूत विषयांना पश्चिमेकडील परंपरेत जी मांडणी लाभली, तिच्यावर त्यांच्या विचारांचा सर्वाधिक ठसा आहे. आत्मनिवेदन, त्रैक्याविषयी आणि ईश्वराचे नगर हे त्यांचे तीन प्रमुख ग्रंथ होत. रोमन कॅथलिक चर्च त्यांना संत व धर्माचार्य मानते, तर प्रोटेस्टंट सुधारकांनीही त्यांचाच आधार घेतला.

जन्म व कुटुंब

ऑगस्टीन यांचा जन्म न्युमिडिया भागातील तागास्ते या लहान नगरात झाला. हे नगर म्हणजे आजच्या अल्जेरियातील सूक अहरास. वडील पात्रिसियुस हे नगरसभेचे सदस्य होते. त्यांची मिळकत बेताची होती. ते जुन्या रोमन देवतांना मानत असत आणि आयुष्याच्या अखेरीस त्यांनी बाप्तिस्मा घेतला. आई मोनिका मात्र निष्ठावान ख्रिस्ती होती. मुलाला लहानपणीच दीक्षार्थी म्हणून स्वीकारण्यात आले, परंतु त्याचा बाप्तिस्मा लांबणीवर टाकण्यात आला. बाप्तिस्म्याने आधीची सर्व पापे धुतली जातात, पण नंतर घडलेल्या पापांचा दोष अधिक जड असतो, अशी समजूत असल्यामुळे तारुण्य उलटेपर्यंत थांबण्याची प्रथा त्या काळी रूढ होती.

शिक्षण व तारुण्य

प्रारंभिक शिक्षण तागास्ते व मादौरा येथे झाले. वयाच्या सोळाव्या वर्षी पैशांअभावी त्यांना शिक्षण थांबवून घरी राहावे लागले. याच काळात त्यांनी सवंगड्यांसह शेजारच्या बागेतील नासपतीची फळे चोरली. फळांची गरज नव्हती आणि ती खाल्लीही फारशी गेली नाहीत. बरीचशी डुकरांपुढे टाकण्यात आली. पुढे आत्मनिवेदनात त्यांनी या क्षुल्लक घटनेची दीर्घ चिकित्सा केली, कारण केवळ वाईट करण्याच्या आनंदासाठी माणूस वाईट का करतो, हा प्रश्न त्यांना तीत दिसला.

रोमानियानुस या धनिकाच्या साहाय्याने ते कार्थेज येथे वक्तृत्वशास्त्र शिकण्यास गेले. तेथे एका स्त्रीशी त्यांचा सहवास जुळला. विवाह न करता ते सुमारे पंधरा वर्षे तिच्यासमवेत राहिले. त्यांना आदेओदातुस नावाचा मुलगा झाला. त्या स्त्रीचे नाव ऑगस्टीन यांनी कोठेही नोंदवलेले नाही. एकोणिसाव्या वर्षी सिसेरोचा हॉर्टेन्सियुस हा आता लुप्त झालेला ग्रंथ वाचून त्यांच्या मनात ज्ञानाची ओढ निर्माण झाली. त्यांनी बायबलही उघडून पाहिले, परंतु तत्कालीन लॅटिन भाषांतराची साधी शैली सिसेरोच्या तुलनेत त्यांना ओबडधोबड वाटली.

मानी पंथाचा प्रभाव

पर्शियातील मानी याने तिसऱ्या शतकात स्थापन केलेल्या पंथाकडे ते याच सुमारास वळले आणि जवळजवळ नऊ वर्षे त्याचे अनुयायी राहिले. प्रकाश आणि अंधार ही दोन स्वतंत्र व अनादी तत्त्वे असून जग हे त्यांच्या संघर्षातून घडले आहे, असे हा पंथ सांगत असे. दुष्कृत्य हे आपल्यातील परक्या अंधाराचे काम ठरत असल्याने पापाची जबाबदारी स्वतःवर येत नसे. मात्र पंथाचे ग्रहताऱ्यांविषयीचे दावे खगोलशास्त्राशी जुळेनात. पंथाचे विख्यात आचार्य फाउस्तुस कार्थेजला आले, तेव्हा ते गोड बोलणारे परंतु अल्पज्ञ असल्याचे ऑगस्टीन यांना आढळले आणि त्यांचा विश्वास ओसरला.

मिलान व धर्मांतर

इ.स. ३८३ मध्ये ते रोमला गेले. तेथील विद्यार्थी शुल्क देण्याची वेळ येताच दुसऱ्या शिक्षकाकडे पळत असत. पुढील वर्षी त्यांना मिलान येथे वक्तृत्वाच्या प्राध्यापकाचे मानाचे पद मिळाले. मिलानचे बिशप अँब्रोज यांची प्रवचने ते आरंभी केवळ शैलीसाठी ऐकत, परंतु बायबलमधील कथांचा लाक्षणिक अर्थ लावण्याची अँब्रोज यांची पद्धती पाहून त्यांचे आक्षेप गळून पडले. नवप्लेटोवादी ग्रंथांच्या वाचनातून वाईट हे स्वतंत्र तत्त्व नसून चांगल्याचा अभाव आहे, हा विचारही त्यांना सापडला.

बुद्धीचे समाधान झाले तरी जीवनक्रम बदलणे त्यांना जमत नव्हते. आई मोनिका मिलानला आली होती. तिने एका संपन्न घराण्यातील अल्पवयीन मुलीशी त्यांचा विवाह ठरवला आणि जुन्या सहचारिणीला आफ्रिकेत परत पाठवण्यात आले. मुलगा वडिलांजवळ राहिला. ती स्त्री पुन्हा कोणा पुरुषाची न होण्याचा नवस करून गेली; ऑगस्टीन यांनी मात्र विवाहाची वाट पाहण्याच्या काळातही दुसरी स्त्री ठेवली. स्वतःच्या इच्छाशक्तीची ही दुर्बलता त्यांच्या पुढील शिकवणुकीच्या मुळाशी आहे. इ.स. ३८६ च्या उन्हाळ्यात एका बागेत तीव्र अंतर्द्वंद्वात असताना एका लहान मुलाचा आवाज त्यांच्या कानी आला. तो वाचनाचा आदेश मानून त्यांनी संत पौलाचे रोमकरांस पत्र उघडले व त्यांचा संशय फिटला. त्यांनी ठरलेला विवाह मोडला आणि प्राध्यापकपद सोडले. इ.स. ३८७ च्या ईस्टरच्या पूर्वरात्री अँब्रोज यांच्या हस्ते त्यांचा, आदेओदातुसचा व मित्र आलिपियुस यांचा बाप्तिस्मा झाला. परतीच्या वाटेवर ओस्तिया बंदरात मोनिका मरण पावली. काही वर्षांतच आदेओदातुसही वारला.

हिप्पोचे बिशप

इ.स. ३८८ मध्ये तागास्तेला परतून त्यांनी मित्रांसह वडिलोपार्जित घरी मठवासीयांसारखे जीवन सुरू केले. इ.स. ३९१ मध्ये हिप्पो (आजचे अन्नाबा, अल्जेरिया) येथे गेले असता तेथील लोकांनी त्यांना धरून वृद्ध बिशप वालेरियुस यांच्यापुढे नेले आणि त्यांच्या इच्छेविरुद्ध त्यांना धर्मगुरूपद घ्यावयास लावले. इ.स. ३९५-३९६ च्या सुमारास ते बिशप झाले व मृत्यूपर्यंत सुमारे ३४ वर्षे त्या पदावर राहिले. प्रवचने देणे, लोकांचे तंटे सोडवणे, गरिबांची व्यवस्था पाहणे हा त्यांचा नित्यक्रम होता. बंदिवानांना सोडवण्यासाठी त्यांनी चर्चची मौल्यवान पात्रे वितळवून विकली. शेकडो प्रवचने व पत्रे आज उपलब्ध आहेत.

शिकवण

त्रैक्य: ईश्वर एकच असून तो पिता, पुत्र व पवित्र आत्मा अशा तीन व्यक्तींत आहे, हा सिद्धान्त निकिया (३२५) व कॉन्स्टँटिनोपल (३८१) येथील धर्मपरिषदांनी निश्चित केला होता. तो समजून घेण्यासाठी ऑगस्टीन यांनी त्रैक्याविषयी हा पंधरा खंडांचा ग्रंथ लिहिला. मानव ईश्वराच्या प्रतिरूपात निर्माण झाला असल्याने मानवी मनातच त्रैक्याची अंधुक छाया आढळेल, असे त्यांनी मानले. स्मृती, बुद्धी आणि इच्छा ही तीन असूनही मन एकच असते, हे त्यांचे प्रसिद्ध उदाहरण होय. पवित्र आत्मा पिता व पुत्र या दोघांपासून निघतो, हे त्यांचे मत पुढे पूर्व व पश्चिमेकडील चर्चमधील वादाचा विषय झाले.

मूळ पाप व कृपा: ब्रिटनमधून आलेला तपस्वी पेलागियुस याच्या मते ईश्वराने मानवाला चांगले-वाईट निवडण्याचे पूर्ण सामर्थ्य दिले आहे व प्रयत्न केल्यास मनुष्य निष्पाप राहू शकतो. ऑगस्टीन यांना हे मान्य नव्हते. आदामाच्या पतनाने सर्व मानवजातीची इच्छाशक्ती दुबळी झाली आहे. चांगले काय हे कळूनही माणूस ते करू शकत नाही. म्हणून येशू ख्रिस्ताच्या द्वारे मिळणारी ईश्वराची कृपा हे पुण्याचे फळ नसून पुण्याचे कारण आहे, असे त्यांनी प्रतिपादन केले. इ.स. ४१८ मध्ये कार्थेजच्या परिषदेने पेलागियुसच्या मतांचा निषेध केला. या विचाराची दुसरी बाजू कठोर होती. बाप्तिस्म्याविना मरण पावलेली अर्भकेही मूळ पापामुळे दंडास पात्र ठरतात आणि कोणाचे तारण होणार हे ईश्वर आपल्या अगम्य इच्छेने ठरवतो, असे निष्कर्ष त्यांनी काढले. इटलीतील बिशप जुलियान यांनी हा ईश्वराच्या न्यायावरच आघात असल्याचा आरोप केला. त्यांच्याशी चाललेला वाद ऑगस्टीन यांच्या मृत्यूपर्यंत मिटला नाही.

चर्च व संस्कार: सम्राट डायोक्लिशियनच्या छळाच्या काळात ज्यांनी धर्मग्रंथ अधिकाऱ्यांच्या स्वाधीन केले, त्यांच्याशी संबंधित बिशपांनी दिलेले संस्कार निष्फळ आहेत, असे आफ्रिकेतील डोनाटस पंथीय मानत. संस्काराचा खरा कर्ता ख्रिस्त असल्याने तो देणाऱ्याच्या योग्यायोग्यतेवर अवलंबून नाही आणि चर्चमध्ये अखेरच्या न्यायापर्यंत संत व पापी एकत्रच राहतील, असे ऑगस्टीन यांनी उत्तर दिले. इ.स. ४११ मध्ये कार्थेज येथे दोन्ही बाजूंच्या पाचशेहून अधिक बिशपांची सभा झाली व निकाल डोनाटस पंथाच्या विरोधात गेला. आरंभी ऑगस्टीन धर्माबाबत बळजबरीस प्रतिकूल होते. शासकीय दडपणामुळे लोक परत येत असल्याचे पाहून त्यांनी दंड व जप्तीच्या कायद्यांचे समर्थन केले, मात्र देहदंडास विरोध कायम ठेवला. पुढील शतकांत धर्माच्या नावाने झालेल्या सक्तीसाठी त्यांच्या या युक्तिवादाचा आधार घेतला गेला. त्यामुळे त्यांच्या कार्यातील हा भाग सर्वाधिक टीकेस पात्र ठरला आहे.

प्रीती व दोन नगरे: बायबलच्या ज्या अर्थाने ईश्वराविषयी व शेजाऱ्याविषयी प्रीती वाढत नाही तो अर्थ खरा नव्हे, अशी कसोटी त्यांनी घालून दिली. इ.स. ४१० मध्ये अलारिकच्या नेतृत्वाखाली व्हिसिगॉथांनी रोम लुटले, तेव्हा जुन्या देवतांचा त्याग केल्यामुळे हे संकट आले, असा आरोप ख्रिस्ती लोकांवर झाला. त्याच्या खंडनार्थ त्यांनी इ.स. ४१३ ते ४२६ या काळात ईश्वराचे नगर हा बावीस खंडांचा ग्रंथ लिहिला. स्वतःवरील प्रीतीने पृथ्वीवरील नगर व ईश्वरावरील प्रीतीने स्वर्गीय नगर घडते, आणि इतिहासात ही दोन्ही परस्परांत मिसळलेली असतात, असे त्यात मांडले आहे. त्यामुळे कोणतेही राज्य, अगदी ख्रिस्ती सम्राटाचे असले तरी, ईश्वराचे राज्य ठरत नाही.

अखेरचे दिवस

इ.स. ४२९ मध्ये व्हँडल टोळ्या स्पेनमधून आफ्रिकेत उतरल्या आणि पुढील वर्षी त्यांनी हिप्पोला वेढा दिला. नगर निर्वासितांनी भरून गेले. वेढ्याच्या तिसऱ्या महिन्यात ऑगस्टीन तापाने अंथरुणास खिळले. पश्चात्तापाची स्तोत्रे लिहून समोरच्या भिंतीवर लावण्यास त्यांनी सांगितले व ती वाचत ते एकान्तात राहिले. २८ ऑगस्ट ४३० रोजी, वयाच्या ७५ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यांचे शिष्य व चरित्रकार पोसिदियुस यांच्या नोंदीनुसार, मालमत्ताच नसल्यामुळे त्यांनी मृत्युपत्र केले नव्हते; ग्रंथालय जपून ठेवावे, एवढीच त्यांची सूचना होती. नंतर नगराची वाताहत झाली, तरी त्यांचे ग्रंथ वाचले. त्यांचे अवशेष आज इटलीतील पाव्हिया येथे आहेत.

प्रभाव व वारसा

मध्ययुगीन युरोपातील धर्मचिंतन प्रामुख्याने ऑगस्टीन यांच्या ग्रंथांवर उभे राहिले. प्रोटेस्टंट सुधारणेचे प्रवर्तक मार्टिन ल्यूथर हे ऑगस्टिनियन संघाचे संन्यासी होते. कृपेनेच तारण होते, हा त्यांचा आग्रह आणि जॉन कॅल्विन यांचा दैवनिर्धाराचा सिद्धान्त या दोहोंमागे ऑगस्टीन आहेत. पूर्वेकडील ऑर्थोडॉक्स चर्चने मात्र आदामाचा दोष वंशपरंपरेने येतो, हे मत स्वीकारले नाही.

ऑगस्टीन यांच्या नावाने चालणाऱ्या संघाचे संन्यासी इ.स. १५७२ मध्ये गोव्यात आले. जुने गोवे येथे त्यांनी बांधलेले चर्च कृपामातेला अर्पण केलेले होते. पोर्तुगीज शासनाने इ.स. १८३५ मध्ये धार्मिक संघ बंद केल्यावर ते ओस पडले. त्याच्या उंच मनोऱ्याचा उरलेला भाग सेंट ऑगस्टीन मनोरा म्हणून ओळखला जातो. जवळच असलेला सांता मोनिका हा संन्यासिनींचा मठ त्यांच्या आईच्या नावाने आहे. कॅथलिक चर्चमध्ये मोनिका यांचा सण २७ ऑगस्टला आणि ऑगस्टीन यांचा सण २८ ऑगस्टला साजरा होतो.