हॉलिस फ्रॅम्प्टन

हॉलिस फ्रॅम्प्टन (११ मार्च १९३६ – ३० मार्च १९८४) हे अमेरिकन प्रायोगिक चित्रपटकार, छायाचित्रकार व लेखक होते. यंत्राने टिपलेली प्रतिमा आणि माणसाची स्मृती यांचा मेळ का बसत नाही, हा त्यांच्या चित्रपटांतील मध्यवर्ती प्रश्न होय.

जीवन

फ्रॅम्प्टन यांचा जन्म ओहायो राज्यातील वूस्टर येथे झाला. अँडोव्हरच्या फिलिप्स अकॅडमीत शिल्पकार कार्ल आंद्रे व चित्रकार फ्रँक स्टेला हे त्यांचे सहाध्यायी होते. पाठ्यपुस्तक न वाचता इतिहासाची परीक्षा उत्तीर्ण होण्याची पैज ते हरले. त्यामुळे शाळेचे प्रमाणपत्र आणि हार्वर्ड विद्यापीठातील प्रवेश दोन्ही हातचे गेले. कवितेच्या ओढीने १९५७-५८ मध्ये ते वॉशिंग्टनच्या मनोरुग्णालयात ठेवलेल्या एझरा पाउंड यांच्या भेटीस जात असत. १९५८ मध्ये ते न्यू यॉर्कला आले व छायाचित्रणाकडे आणि तेथून चित्रपटाकडे वळले.

चित्रपट

'झॉर्न्स लेमा' (१९७०) या सुमारे तासाभराच्या चित्रपटाचे नाव गणितातील एका सिद्धान्तावरून घेतलेले आहे. त्याच्या मधल्या भागात न्यू यॉर्कच्या रस्त्यांवरील पाट्यांचे शब्द वर्णानुक्रमे, प्रत्येकी एक सेकंद दिसतात. हळूहळू एकेका अक्षराची जागा शब्दविरहित दृश्य घेते. अक्षर विसरून दृश्य लक्षात ठेवण्याची सवय प्रेक्षकाला नकळत लागते.

'नॉस्टॅल्जिया' (१९७१) हा त्यांचा सर्वांत हृदयस्पर्शी चित्रपट म्हणावा लागेल. यात फ्रॅम्प्टन यांची जुनी छायाचित्रे एकामागून एक विजेच्या शेगडीवर जळताना दिसतात. आठवणी त्यांच्याच, प्रथमपुरुषी. पण आवाज मात्र मित्र मायकेल स्नो यांचा. शिवाय निवेदनात वर्णन असते ते समोरच्या नव्हे, तर पुढे येणाऱ्या छायाचित्राचे. ते छायाचित्र पडद्यावर येईपर्यंत ऐकलेले अर्धे विसरलेले असते, आणि उरलेले ताडून पाहावे तोवर कागद काळा पडू लागतो. अखेरीस वर्णन केलेले छायाचित्र तर पडद्यावर येतच नाही.

यंत्र आणि संगणक

एखादे साधन जगण्याच्या गरजेतून मोकळे झाल्यावरच कला बनते, असे मत त्यांनी १९७१ च्या एका निबंधात मांडले. यंत्रयुगाचे शेवटचे यंत्र म्हणून ते चित्रपटाकडे पाहत. तरी ते जुन्या यंत्रातच रमून राहिले नाहीत. १९७३ पासून बफेलो येथील न्यू यॉर्क राज्य विद्यापीठात शिकवताना त्यांनी संगणकीय कलेची प्रयोगशाळा उभी केली. घरोघरी संगणक येण्यापूर्वीचा तो काळ होता.

'मॅजेलन' ही ३६ तासांची चित्रपटमाला वर्षभराच्या दिनदर्शिकेप्रमाणे रोज थोडी थोडी दाखवावी, अशी त्यांची योजना होती. ज्याचे नाव तिला दिले, तो दर्यावर्दी पृथ्वीप्रदक्षिणा पुरी होण्याआधीच मारला गेला होता. फ्रॅम्प्टन यांचेही बफेलो येथे वयाच्या ४८ व्या वर्षी कर्करोगाने निधन झाले. मालेतील काहीच भाग तयार झाले होते. दिनदर्शिकेतील बरेचसे दिवस रिकामेच आहेत.