सामुराईंना पडद्यावर आणणारे माकिनो, ज्यांचा सगळ्यात मोठा सिनेमा घरातच जळाला

सामुराईंचा सिनेमा म्हटलं की आपल्याला आठवतो कुरोसावा. पण कुरोसावाचा जन्म १९१० चा. त्याच्या दोन वर्षं आधीच क्योटोमध्ये एका माणसानं सामुराईंची लढाई कॅमेऱ्यात पकडली होती. त्यांचं नाव शोझो माकिनो.

माकिनो जन्मले १८७८ साली. त्याआधी दहा वर्षं जपानमध्ये यादवी युद्ध पेटलं होतं, शोगुनविरुद्ध सम्राट. माकिनोंचे वडील त्यात सम्राटाच्या बाजूनं लढलेले. आईचं क्योटोत नाटकाचं थिएटर होतं, सेनबोन-झा. मोठे झाल्यावर माकिनो तेच चालवू लागले.

१९०८ मध्ये योकोता नावाच्या फिल्म कंपनीनं त्यांना सिनेमा करायला सांगितलं. माकिनोंनी नटांना घेतलं आणि थेट एका देवळाचं आवार गाठलं. विषय होता १५८२ चा होन्नोजीचा हल्ला. यादवीनं पोखरलेला जपान एका छत्राखाली आणत असलेल्या ओदा नोबुनागाला त्याच्याच सरदारानं, अकेची मित्सुहिदेनं, मंदिरात घेरलं आणि नोबुनागानं सेप्पुकू केलं, ती ही घटना.

पुढं त्यांना फिरत्या नाटक मंडळीतला मात्सुनोसुके ओनोए सापडला. बटबटीत डोळ्यांचा हा गडी जपानचा पहिला मोठा फिल्मस्टार झाला. दोघांनी सिनेमांचा नुसता सपाटा लावला. हातात स्क्रिप्ट नसायची. माकिनो कॅमेऱ्याशेजारी उभं राहून ओरडून संवाद सांगायचे आणि नट ते म्हणायचे. मूकपट असल्यानं दिग्दर्शकाचा आवाज ऐकू येण्याचा प्रश्नच नव्हता! थिएटरात गोष्ट सांगायला बेन्शी, म्हणजे निवेदक, असायचाच.

नंतर माकिनोंनी स्वतःची कंपनी काढली. बांदो त्सुमासाबुरो, चिएझो काताओका असे स्टार तिथूनच वर आले. मोठे झाले की सोडूनही गेले.

वयाच्या पन्नाशीत त्यांनी सगळा जीव एका सिनेमात ओतला. धन्याच्या मृत्यूचा सूड घेणाऱ्या ४७ रोनिनांची गोष्ट, 'चुशिंगुरा'. १९२८ मध्ये घरी एडिटिंग चालू असताना दिव्यामुळं फिल्मनं पेट घेतला. तेव्हाची फिल्म नायट्रेटची, एकदा पेटली की पाण्यानंही विझत नाही. बरीचशी निगेटिव्ह जळाली. उरलेल्या तुकड्यांवरच सिनेमा लागला.

पुढच्याच वर्षी, जुलै १९२९ मध्ये, माकिनो गेले. त्यांचा मुलगा मासाहिरो तोपर्यंत सामुराईपट काढू लागला होता. होन्नोजीच्या त्या पहिल्या लढाईची प्रिंट मात्र आज कुठंच नाही.