रामचंद्रपंत अमात्य : आरमार आणि त्याचा जमाखर्च

१. प्रास्ताविक

मागील घटकात आपण चरित्र या वाङ्मयप्रकाराची लक्षणे पाहिली. या घटकात एका राजकारणी पुरुषाचे चरित्र अभ्यासावयाचे आहे. रामचंद्र नीळकंठ, म्हणजेच रामचंद्रपंत अमात्य, यांचे नाव मराठी गद्याच्या इतिहासात 'आज्ञापत्र' या ग्रंथामुळे येते. त्या ग्रंथातील दुर्गांविषयीचे विवेचन अनेकांच्या परिचयाचे असते. येथे आपण आरमारावरील विवेचनाच्या आधारे पंतांच्या जीवनाकडे पाहणार आहोत.

या चरित्राचा प्रारंभ समुद्रकिनाऱ्यावर होत नाही. पूर्वीच्या वेल्हे तालुक्यातील राजगड हा घाटमाथ्यावरचा किल्ला सुमारे पाव शतक शिवाजी महाराजांची राजधानी होता. १६५७ साली कल्याण-भिवंडी स्वराज्यात आली आणि तेथील खाडीत जहाजे बांधण्यास आरंभ झाला. १६६४ साली मालवणजवळ सिंधुदुर्गाची उभारणी सुरू झाली. १६६५ च्या आरंभी महाराजांनी समुद्रमार्गे बसरूरवर स्वारी केली. या सर्व काळात राज्याचे मुख्य ठाणे राजगडावर होते. जहाजे खाडीत बांधली जात. परंतु त्यांसाठी किती पैसा, कोठून आणि कोणाच्या हाते द्यावयाचा, हा विचार डोंगरावरच्या दफ्तरात होत असे.

२. घराणे आणि पद

पंतांचा जन्म सुमारे १६५० साली झाला. त्यांचे वडील नीळो सोनदेव हे महाराजांचे मुजुमदार होते. मुजुमदार म्हणजे राज्याचा जमाखर्च तपासणारा अधिकारी. हिशेबाची ही विद्या पंतांना घरातच मिळाली. नीळोपंतांच्या निधनानंतर हे पद त्यांच्या मुलांकडे आले आणि १६७४ च्या राज्याभिषेकाच्या वेळी रामचंद्रपंत अष्टप्रधानांपैकी एक झाले. तेव्हा त्यांचे वय जेमतेम चोवीस-पंचवीस वर्षांचे होते.

या प्रसंगी पदांची फारसी नावे बदलून संस्कृत नावे योजण्यात आली, ही गोष्ट भाषेच्या अभ्यासकाने ध्यानात घ्यावी. मुजुमदाराचा अमात्य झाला आणि सुरनिसाचा सचिव. अमात्याने राज्याचा जमाखर्च पाहावा, सचिवाने राजपत्रे तपासून शुद्ध करावीत, अशी कामाची वाटणी होती. नावे बदलली तरी कामे तीच राहिली. यांतील सचिवपद पुढे भोरशी कायमचे जोडले गेले. त्याचा संबंध आपल्या कथनाशी लवकरच येईल.

३. खजिना नसलेला कारभार

१६८९ चे वर्ष मराठी राज्याच्या कसोटीचे ठरले. मार्च महिन्यात संभाजी महाराजांचा औरंगजेबाने वध करविला. वर्ष संपण्यापूर्वी रायगड मोगलांच्या हाती गेला. राजाराम महाराज दक्षिणेत जिंजीस गेले आणि महाराष्ट्रातील कारभार त्यांनी रामचंद्रपंतांवर सोपविला. पंतांना 'हुकूमतपन्हा' हा किताब देण्यात आला. राजाच्या अनुपस्थितीत राजाज्ञेच्या तोडीचा अधिकार त्यात सामावलेला होता.

पुढील सुमारे आठ वर्षे पंतांनी मुख्यतः विशाळगडावरून राज्य चालविले. संताजी घोरपडे व धनाजी जाधव यांच्या फौजा मैदानात होत्या. शंकराजी नारायण व परशुराम त्रिंबक हे गडकोट परत मिळविण्यात त्यांचे सहकारी होते. जमाखर्च पाहणाऱ्या अमात्यापुढे या काळात मोठा पेच होता. फौज वाढवावी लागत होती आणि भांडार रिकामे होते. मुलूख मोगलांच्या टापांखाली असल्याने वसूल येत नव्हता. अशा वेळी सरदारांना वतने व मुलूख तोडून देण्याचा मार्ग राज्याला स्वीकारावा लागला. राज्य टिकले, परंतु त्याच्या नियमित उत्पन्नाचे वाटेकरी वाढले. उत्पन्नाची निश्चित सोय नसता सैन्य उभे केले की पुढे काय भोगावे लागते, हे पंतांनी या काळात प्रत्यक्ष पाहिले. त्यांच्या पुढील लेखनातील वतनदारांविषयीची सावधगिरी आणि आरमाराच्या खर्चाविषयीचा काटेकोरपणा या अनुभवातून आला असावा, असे मानण्यास जागा आहे.

४. अमात्य आणि सचिव

पंतांचे सहकारी शंकराजी नारायण गांडेकर यांनी मावळातील किल्ले मोगलांकडून परत घेण्यात पुढाकार घेतला. त्यांच्याकडे सचिवपद आले आणि भोर हे सचिवांच्या घराण्याचे ठाणे झाले. पुढे भोर संस्थान म्हणून जे नावारूपाला आले, त्याचा उगम येथे आहे. १७०४ साली औरंगजेबाने राजगड आणि तोरणा घेतले. बादशहाच्या मृत्यूनंतर ते पुन्हा मराठ्यांकडे आले.

१७०७ साली शाहू महाराज मोगलांच्या कैदेतून सुटून आले आणि राज्याच्या वारशाचा प्रश्न उभा राहिला. शंकराजींनी ताराबाईंशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घेतली होती. एकीकडे शपथ आणि दुसरीकडे शिवछत्रपतींचा नातू, अशा पेचात त्यांनी त्याच वर्षी भोरजवळील आंबवडे येथे देहत्याग केल्याचे परंपरा सांगते. त्यांची समाधी तेथे आहे. शाहू महाराजांनी त्यांचे अल्पवयीन पुत्र नारो शंकर यांच्याकडे सचिवपद कायम ठेवले आणि भोरचे घराणे साताऱ्याच्या पक्षात राहिले.

रामचंद्रपंत मात्र ताराबाईंच्या पक्षात राहिले आणि त्यांची पुढील कारकीर्द पन्हाळा-कोल्हापूरकडे घडली. १७१४ साली तेथे सत्तांतर होऊन राजसबाईंचे पुत्र संभाजी गादीवर आले. या तरुण छत्रपतीच्या नावे १७१५ साली, म्हणजे शके १६३७ मध्ये, आज्ञापत्र सिद्ध झाले. ते पंतांनी रचले, असे परंपरेने मानले जाते.

५. आज्ञापत्रातील आरमार

आज्ञापत्र लिहिले जात असताना कोल्हापूरच्या आरमाराची स्थिती काय होती, हे आधी पाहू. पश्चिम किनाऱ्यावरील सर्वांत प्रबळ मराठी आरमार कान्होजी आंग्रे यांच्या ताब्यात होते आणि ते प्रारंभी ताराबाईंच्या पक्षाचे होते. १७१३ च्या सुमारास त्यांनी शाहू महाराजांचे पेशवे बहिरोपंत पिंगळे यांना कैदही केले होते. त्यानंतर बाळाजी विश्वनाथ यांनी बोलणी करून १७१४ च्या आरंभापर्यंत कान्होजींना शाहूंच्या बाजूस वळविले. सिंधुदुर्ग कोल्हापूरकडे राहिला, पण आरमाराचा मोठा भाग हातचा गेला. अशा वेळी पंतांनी गडकोटांच्या प्रकरणानंतर आरमाराचे प्रकरण लिहिले. आरमार हे राज्याचे स्वतंत्र अंग आहे, अशी त्यांची भूमिका आहे.

या प्रकरणातील विचाराची विभागणी तीन मुद्द्यांत करता येईल.

(अ) जहाजे कशी व किती बांधावीत : गुराब हे दोन-तीन डोलकाठ्यांचे, तोफा वाहणारे मोठे जहाज, गलबत त्याहून लहान आणि वल्ह्यांवरही चालणारे. पंतांच्या मते जहाजे फार मोठीही नसावीत आणि फार लहानही नसावीत. वारा पडला की निरुपयोगी ठरतील अशी तर बांधूच नयेत. पाच गुराबा आणि पंधरा गलबते मिळून एक सुभा करावा आणि सर्व सुभ्यांवर एक सरसुभा असावा, अशी रचना ते सांगतात. एकक ठरले की त्याला लागणारी माणसे, तोफा, दारूगोळा आणि पगार यांचा अंदाज आधी करता येतो. वीस जहाजांचा हा सुभा युद्धात एकत्र लढणारा गट होता, तसाच तो हिशेबाचाही एकक होता.

(आ) पैसा कोठून द्यावा : हा या प्रकरणाचा गाभा आहे. आरमाराचा खर्च समुद्रावरील मिळकतीवर सहसा टाकू नये, त्यासाठी मुलखाच्या वसुलातून तनखा नेमून द्यावा, असे पंत सांगतात. यामागचा कार्यकारणभाव असा आहे. जहाजावरील माणसांचा पगार आणि जहाजांची डागडुजी हा कायमचा खर्च आहे. पावसाळ्यात समुद्र बंद असला तरी तो थांबत नाही. समुद्रावरील मिळकत मात्र अनिश्चित असते. अनिश्चित मिळकतीवर कायमचा खर्च लादला, तर आरमारी लोक ती मिळकत व्यापाऱ्यांकडून वसूल करू लागतात. व्यापारी त्रासला की तो बंदर सोडतो. बंदर ओस पडले की जकात बुडते. म्हणजे खजिन्याची बचत करण्यासाठी केलेली योजना अखेर खजिनाच रिकामा करते. म्हणून व्यापाऱ्यांना कौल देऊन निर्धास्त करावे, यावर पंतांचा भर आहे. आरमाराच्या छावणीसाठी दर वर्षी तेच बंदर निवडू नये, ही सूचनाही एकाच ठिकाणच्या प्रजेवर भार पडू नये याच विचारातून आली आहे.

(इ) लाकूड कोठून आणावे : जहाजाला लाकूड लागते आणि लाकूड पैशासारखे एका वर्षाच्या वसुलात येत नाही. राज्यातील अरण्यांतील सागवानासारखी झाडे हुजूरची परवानगी घेऊन तोडावीत, उरलेली गरज परमुलखातून खरेदी करून भागवावी, असे पंत सांगतात. आंबा आणि फणस यांचे लाकूडही आरमाराच्या उपयोगी पडते. तरीही त्यांना हात लावू नये, असा त्यांचा सक्त निर्बंध आहे. ही झाडे वर्षा-दोन वर्षांत वाढत नाहीत. रयतेने ती पोटच्या पोरांप्रमाणे जोपासलेली असतात. ती तोडली तर तिच्या दुःखाला सीमा राहत नाही. एखादे झाड जीर्ण झालेच असेल, तर मालकाला राजी करून, मोबदला देऊन, त्याच्या संतोषाने ते न्यावे. जबरदस्ती करू नये.

या निर्बंधाचे मोल कळण्यासाठी त्या वेळची गरज पुन्हा आठवावी. आरमार हातचे गेलेले आहे, किनाऱ्यावर सिद्दी आणि टोपीकर प्रबळ आहेत, नवी जहाजे तातडीने हवी आहेत. भोरहून वरंध घाटाने महाडला उतरले की सावित्रीच्या खाडीचा मुलूख लागतो. घाटाच्या वरच्या आणि खालच्या अंगाच्या गावांतून परसात वाढलेला फणस ही घराची पिढीजात ठेव असते. सरकारी माणूस कुऱ्हाड घेऊन आला तर कुणबी त्याला अडवू शकत नाही. ज्याला अडविणारे कोणी नाही, त्या सत्तेने स्वतःला अडवावे, ही अपेक्षा पंतांनी राजाच्याच नावे निघालेल्या आज्ञेत लिहून ठेवली.

६. भाषाविशेष

आरमारावरील प्रकरणाची भाषा त्याच्या आशयाशी सुसंगत आहे. क्रियापदे प्रामुख्याने विध्यर्थी आहेत. काय करावे व काय करू नये हे वाक्यागणिक स्पष्ट होते. महत्त्वाच्या आज्ञेमागे तिचे कारण दिलेले असते, त्यामुळे हुकमाला उपदेशाचे रूप येते. शब्दसंग्रह मिश्र आहे. राज्यनीतीच्या कल्पना संस्कृत शब्दांत येतात, तर कारभाराचे व्यवहार तनखा, कौल, सुभा, हुजूर अशा अरबी-फारसी शब्दांत. गुराब हा शब्द अरबीतून आला असून त्याचा मूळ अर्थ कावळा असा आहे; आरमार या शब्दाचा संबंध पोर्तुगीज भाषेशी जोडला जातो. राज्याभिषेकाच्या वेळी पदांची नावे बदलली, तरी चाळीस वर्षांनंतरही खलाशी आणि कारकून यांच्या तोंडचे शब्द कायम होते, हे या प्रकरणावरून दिसते.

७. अखेर आणि मूल्यमापन

१७१६ साली पन्हाळ्यावर रामचंद्रपंतांचे निधन झाले. त्यांची समाधी तेथे आहे. त्यांचे वंशज बावड्याच्या जहागिरीमुळे पंत अमात्य बावडेकर म्हणून ओळखले गेले. आज्ञापत्रातील योजनेप्रमाणे नवे आरमार उभारण्यास त्यांना आयुष्य उरले नव्हते आणि ज्या राज्यासाठी त्यांनी ती लिहिली त्याची साधनेही तुटपुंजी होती.

पंतांच्या जीवनात एक विसंगती आहे, ती अभ्यासकाने झाकू नये. वतनदारांच्या वाढत्या बळाविषयी सावध करणारा हा मुत्सद्दी स्वतः वतने वाटण्याच्या काळात कारभाराच्या शिखरावर होता आणि त्याच्या घराण्यालाही जहागीर होती. परंतु चूक ज्या व्यवस्थेत घडली तिच्या आतून पाहिलेली असल्यामुळेच त्यांच्या सूचनांना वजन आहे. राज्याची निकड कितीही खरी असली, तरी तिचा भार व्यापाऱ्याच्या तारवावर किंवा रयतेच्या झाडावर टाकू नये, हा त्यांच्या जमाखर्चाचा अखेरचा ताळेबंद आहे.

स्वाध्याय

१. आरमाराचा खर्च समुद्रावरील मिळकतीवर टाकू नये, यामागील कारणमीमांसा स्वतःच्या शब्दांत लिहा.
२. अमात्य व सचिव या दोन पदांची कामे सांगून रामचंद्रपंत व शंकराजी नारायण यांच्या जीवनक्रमांची तुलना करा.
३. आपल्या गावातील जुन्या झाडांविषयी वडीलधाऱ्यांकडून माहिती घेऊन त्यांच्या मालकी व जोपासनेसंबंधी दोनशे शब्दांत टिपण तयार करा.