स्वामी रामानंद तीर्थ : गिरणगाव ते बीदर

चिंताकी, औराद, भालकी, बसवकल्याण या भागातल्या आपल्या घरांमध्ये स्वामी रामानंद तीर्थ हे नाव सगळ्यांना ठाऊक आहे. 17 सप्टेंबरला झेंडा लागतो, दोन भाषणे होतात, भगव्या वस्त्रातल्या तसबिरीला हार घातला जातो. नांदेडच्या विद्यापीठाला आणि अंबाजोगाईच्या वैद्यकीय महाविद्यालयाला त्यांचे नाव आहे, म्हणून आपल्या मुलांच्या गुणपत्रिकांवरही ते छापून येते. पण हा संन्यासी आधी मुंबईत गिरणी कामगारांच्या चळवळीत होता, हे सांगितले की आजही पुष्कळांना नवल वाटते. यंदाच्या स्मरणिकेसाठी त्यांचे चरित्र लिहायला घेतले तेव्हा आम्ही ठरवले, की सुरुवात तिथूनच करायची.

व्यंकटेश भवानराव खेडगीकर यांचा जन्म 3 ऑक्टोबर 1903 रोजी विजापूर जिल्ह्यातल्या सिंदगी येथे झाला. घराणे मूळचे गुलबर्गा, म्हणजे आताच्या कलबुरगी जिल्ह्यातल्या चिनमळीचे. म्हणजे माणूस आपल्याच पट्ट्यातला, जिथे बाजारात कानडी, घरात मराठी आणि कचेरीत उर्दू असा कारभार चालत असे. पुढे त्यांनी मराठी, कानडी आणि तेलुगू अशा तिन्ही भागांतल्या कार्यकर्त्यांना एकत्र बांधले. त्याचे मूळ या सीमेवरच्या बालपणात असावे असे आम्हाला वाटते. माध्यमिक शिक्षण सोलापूरला झाले. गिरणीच्या भोंग्यावर उठणारे आणि भोंग्यावर झोपणारे ते गाव. 1 ऑगस्ट 1920 रोजी लोकमान्य टिळक गेले आणि सोळा वर्षांच्या या मुलाने आजन्म ब्रह्मचारी राहून देशसेवा करण्याची शपथ घेतली. अशा शपथा त्या वयात अनेकांनी घेतल्या असतील, पाळणारे थोडे. असहकाराच्या हाकेला ओ देऊन त्यांनी सरकारी शाळा सोडली, अमळनेरला राष्ट्रीय शिक्षण घेतले आणि पुण्याच्या टिळक महाराष्ट्र विद्यापीठातून एम. ए. केले.

आणि मग 1926 च्या सुमारास ते नारायण मल्हार जोशी यांच्याकडे कामाला गेले.

ना. म. जोशी आज विस्मरणात गेले आहेत. मुंबईत लोअर परळला त्यांच्या नावाचा रस्ता आहे, एवढेच. भारत सेवक समाजाचे हे सभासद. 1911 मध्ये त्यांनी सोशल सर्व्हिस लीग काढली आणि कामगार वस्त्यांत रात्रशाळा, वाचनालये सुरू केली. 1919 मध्ये अमेरिकेत वॉशिंग्टनला पहिली आंतरराष्ट्रीय कामगार परिषद भरली, तेव्हा हिंदुस्थानच्या कामगारांचे प्रतिनिधी म्हणून तेच गेले होते. 1920 मध्ये आयटक स्थापन झाली, तिच्या संस्थापकांत ते होते. व्यंकटेश त्यांचे साहाय्यक झाले ते दिवस मोठे धामधुमीचे होते. 1925 मध्ये गिरणी मालकांनी मजुरीत साडेअकरा टक्के कपात जाहीर केली आणि गिरण्या बंद पडल्या. डिसेंबरात सरकारने कापडावरचा अबकारी कर उठवला, कपात मागे घेतली गेली आणि संप मिटला. लगेच जानेवारी 1926 मध्ये जोशींनी बॉम्बे टेक्स्टाइल लेबर युनियन उभी केली. त्याच वर्षी ट्रेड युनियन कायदा झाला. 1928 मध्ये त्याहून मोठा संप झाला. दीड लाखाच्या आसपास कामगार सहा महिने बाहेर होते. त्यातून डांगे प्रभृतींची गिरणी कामगार युनियन पुढे आली आणि जोशींचा मवाळ मार्ग मागे पडत गेला.

जोशींची पद्धत रटाळ होती. हे आम्ही स्तुती म्हणूनच म्हणतो. चाळीतल्या खोल्यांत जायचे, दोन दोन आणे वर्गणी गोळा करायची, पावती द्यायची, हिशेब चोख ठेवायचा, मुकादमाने कोणाला कामावरून काढले तर अर्ज लिहून द्यायचा, रात्री साक्षरतेचा वर्ग घ्यायचा. अशा कामाच्या गोष्टी वर्तमानपत्रात येत नाहीत. पण संप आला की टिकते ते हेच. अमेरिकेत याच सुमारास, 1925 मध्ये, आसा फिलिप रँडॉल्फ यांनी रेल्वेच्या झोपण्याच्या डब्यांत काम करणाऱ्या कृष्णवर्णी हमालांची संघटना उभारली. पुढे 1955 मध्ये माँटगोमेरी शहरात बसवरचा बहिष्कार वर्षभर चालला, मार्टिन ल्यूथर किंग यांचे नाव जगभर झाले. त्या बहिष्काराची पहिली जुळवाजुळव करणारे ई. डी. निक्सन हे याच हमाल संघटनेतले कार्यकर्ते होते. युनियनमध्ये माणूस जे शिकतो ते त्याला सत्याग्रहात उपयोगी पडते. स्वामीजींच्या बाबतीतही असेच झाले असे आम्ही मानतो.

1929 मध्ये ते निजामाच्या राज्यात आले. आताच्या धाराशिव जिल्ह्यात हिप्परगा नावाचे खेडे आहे. तिथे 1921 मध्ये व्यंकटराव देशमुख आणि अनंतराव कुलकर्णी यांनी राष्ट्रीय शाळा काढली होती. मुंबईचा पगार, दिल्लीच्या कायदेमंडळातली ये-जा हे सोडून हा एम. ए. झालेला तरुण त्या खेड्यात मुख्याध्यापक झाला. राज्यात शिक्षणाची भाषा उर्दू; घरी मराठी बोलणाऱ्या पोराला शाळेत परक्या भाषेत शिकावे लागे. आमच्या आधीच्या पिढीतली वडील मंडळी उर्दू मोत्यासारखी लिहीत, ते या सक्तीमुळे. (त्या उर्दूची गोडी त्यांना होती, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे.) हिप्परग्याच्या शाळेत मुले मातृभाषेत शिकली, सूत कातली, शेतात राबली. बाबासाहेब परांजपे यांच्यासारखे सहकारी तिथेच मिळाले. 14 जानेवारी 1932 रोजी, संक्रांतीच्या दिवशी, व्यंकटेश खेडगीकरांनी संन्यासदीक्षा घेतली आणि ते स्वामी रामानंद तीर्थ झाले. 1935 मध्ये ते मोमिनाबादला, म्हणजे अंबाजोगाईला आले आणि तिथे योगेश्वरी शाळेचे काम पाहू लागले.

संन्यास घेतलेला माणूस राजकारणात कशाला, असे तेव्हाही लोक विचारत. त्यांच्या संन्यासात मठ नव्हता, शिष्यांकडून पाद्यपूजा नव्हती. घर, जमीन, वारस यांतून मोकळे व्हायचे आणि मग पूर्ण वेळ काम करायचे, इतका साधा हिशेब होता. मात्र या भगव्या वस्त्रांची एक अडचण होती, आणि ती पुढे पदोपदी आडवी आली.

निजामाच्या राज्यात सभा भरवायची तर सरकारी परवानगी लागे. गश्ती नंबर 53 या फर्मानाने सभाबंदीच जवळपास केली होती. म्हणून पुष्कळ बोलणे गणेशोत्सवाच्या मेळ्यांत, कीर्तनांत आणि ग्रंथालयांच्या वार्षिक बैठकांत होई. आज आपण ज्या मंडपात नाटुकली आणि पाककृती स्पर्धा घेतो, त्या मंडपाचा एके काळी असाही उपयोग होता. 1937 मध्ये परतूरला महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन झाले. 1938 मध्ये हैदराबाद स्टेट काँग्रेसची घोषणा झाली, आणि ती रीतसर स्थापन होण्याच्या आधीच, सप्टेंबरात, जातीय संघटना म्हणून सरकारने तिच्यावर बंदी घातली. 24 ऑक्टोबरला गोविंदराव नानल यांच्या पहिल्या तुकडीने सत्याग्रह केला. तीन दिवसांनी स्वामीजींनी केला आणि त्यांना अठरा महिन्यांची शिक्षा झाली. याच काळात आर्य समाज आणि हिंदू महासभा यांचाही सत्याग्रह सुरू होता. उस्मानिया विद्यापीठातल्या आणि औरंगाबादच्या कॉलेजातल्या मुलांनी वंदे मातरम् म्हटले म्हणून त्यांची नावे काढून टाकली गेली. त्यांत पुढे पंतप्रधान झालेले पी. व्ही. नरसिंह राव हेही होते.

आणि ऐन रंगात आलेला स्टेट काँग्रेसचा सत्याग्रह 24 डिसेंबर 1938 रोजी थांबवण्यात आला. गांधीजींचा सल्ला तसा होता. जबाबदार राज्यपद्धतीची मागणी आणि धर्माच्या नावाने चाललेले आंदोलन यांची सरमिसळ होऊ नये, हे त्यामागचे कारण. तुरुंगात खडी फोडणाऱ्या कार्यकर्त्यांना हे किती कडू लागले असेल! बाहेर लोक म्हणाले, काँग्रेसने कच खाल्ली. आम्हाला मात्र हा निर्णय बरोबर वाटतो, आणि स्वामीजींनी तो शिस्तीने पाळला याचे मोल अधिक वाटते. भगव्या वस्त्रातला नेता म्हणतो की हा लढा मुसलमानांविरुद्ध नाही, एका राजवटीविरुद्ध आहे. तर ते त्याला वागून दाखवावे लागते.

1940 मध्ये सुटका झाली. त्याच वर्षी वैयक्तिक सत्याग्रह, पुन्हा तुरुंग, 1941 च्या अखेरीपर्यंत. 1942 मध्ये मुंबईच्या अधिवेशनाहून परतताना हैदराबादच्या नामपल्ली स्टेशनवरच पकडले गेले ते 1943 च्या अखेरीस सुटले. 1946 मध्ये बंदी उठली आणि स्वामीजी स्टेट काँग्रेसचे अध्यक्ष झाले. पक्षातच एक मवाळ गट होता, निजामाशी तडजोड करून काही सुधारणा पदरात पाडाव्यात असे म्हणणारा. स्वामीजींनी ते मानले नाही. जून 1947 मध्ये हैदराबादच्या मुशीराबाद मैदानावर अधिवेशन झाले आणि भारतात विलीन होण्याची मागणी तिथे उघडपणे मांडली गेली. 7 ऑगस्ट हा दिवस राज्यभर त्यासाठी पाळला गेला. 15 ऑगस्टला देश स्वतंत्र झाला आणि त्याच दिवशी स्वामीजी गजाआड गेले.

त्यानंतरचे तेरा महिने आमच्या भागाने कसे काढले ते घरोघरी ठाऊक आहे. म्हातारी माणसे तारखा सांगत नाहीत, रझाकारीत किंवा पोलिस ॲक्शनच्या आधी, एवढेच म्हणतात. लोकांनी लेव्हीचे धान्य नाकारले, शिंदीची झाडे तोडली, करोडगिरीची नाकी जाळली, वकिलांनी कोर्टे सोडली, मुलांनी शाळा सोडल्या. रझाकारांनी गावे लुटली. मे 1948 मध्ये आपल्याच जिल्ह्यातल्या गोरट्यात मोठी कत्तल झाली. ऑगस्टात हैदराबादेत इमरोज पत्राचे संपादक शोएबुल्ला खान यांना रझाकारांनी ठार केले, कारण ते मुसलमान असून भारतात सामील व्हा म्हणून लिहीत होते.

सीमेवर उमरखेड, सोलापूर, मुंडरगी अशी शिबिरे उभी राहिली आणि तिथल्या तरुणांच्या हातात बंदुका होत्या. 30 जानेवारी 1948 रोजी उमरी येथे बँक लुटली गेली. शिबिरांमागे दिगंबरराव बिंदू यांच्या अध्यक्षतेखालची काँग्रेसची कृती समिती होती. गांधीजींचे नाव घेणाऱ्या पक्षाला हे कसे चालले, हा प्रश्न टाळून स्वामीजींचे चरित्र लिहिता येते, आणि पुष्कळांनी लिहिले आहे. ते स्वतः या काळात बहुतेक तुरुंगातच होते. नोव्हेंबर 1947 च्या जैसे थे कराराच्या वेळी सुटले आणि 26 जानेवारी 1948 ला पुन्हा पकडले गेले. पण ते अध्यक्ष होते, आणि मधल्या दोन महिन्यांत त्यांनी शिबिरे बंद करवली नाहीत. गाव जळत असताना हात बांधून बसा, असे ते सांगू शकले नाहीत. आम्हाला त्यात ढोंग दिसत नाही. एका माणसाच्या तत्त्वाला पडलेला ताण दिसतो.

13 सप्टेंबरला भारतीय फौजा आत शिरल्या आणि 17 तारखेला निजामाने शरणागती पत्करली. पंचांग पाहिले तर त्या वर्षी अनंत चतुर्दशी नेमकी त्याच दिवशी होती. स्वामीजी तुरुंगातून बाहेर आले. त्यानंतर मात्र सूडाचे दिवस आले. केंद्र सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल समितीला सर्वाधिक हानी झालेले जिल्हे आढळले ते उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. मारले गेलेले बहुतेक निरपराध मुसलमान होते. मुक्तिदिनाच्या भाषणांत गोरट्याचे नाव येते आणि या गावांची येत नाहीत. ज्या माणसाने 1938 मध्ये सरमिसळ नको म्हणून चालता सत्याग्रह आवरला, त्याच्या तसबिरीसमोर तरी दोन्ही सांगायला हवे.

स्वतंत्र हैदराबाद राज्यात 1949 मध्ये जहागिऱ्या गेल्या, 1950 मध्ये कुळकायदा आला. कसणाऱ्याच्या हाती जमीन द्यावी म्हणून स्वामीजी आपल्याच पक्षातल्या देशमुख-जमीनदारांशी भांडत राहिले. 1952 मध्ये ते गुलबर्ग्याहून आणि 1957 मध्ये औरंगाबादहून लोकसभेवर गेले. हैदराबाद राज्य मोडून भाषेप्रमाणे प्रांत करावेत, हा त्यांचा आग्रह होता. 1 नोव्हेंबर 1956 रोजी तो पुरा झाला आणि आपला बीदर जिल्हा फुटला. उदगीर, निलंगा, अहमदपूर मुंबई राज्यात गेले. औराद, भालकी, हुमनाबाद, बीदर म्हैसूरकडे आले. नारायणखेड, जहिराबाद आंध्रात. औरादच्या लेकीचे सासर उदगीरला, ते एका दिवसात परराज्य झाले. मातृभाषेतून शाळा चालवणाऱ्या स्वामीजींच्या मागणीतून आपल्यासारखी मराठी घरे कर्नाटकात राहिली, ही बोच आमच्या वडील पिढीला शेवटपर्यंत होती. दुसरीकडे, ज्यांनी त्यांना गुलबर्ग्याहून निवडून दिले त्यांत कानडी बोलणारे बहुसंख्य होते, आणि तेही त्यांना आपलाच माणूस मानत.

1962 नंतर ते संसदेत नव्हते. 1967 मध्ये त्यांच्या आठवणींचे इंग्रजी पुस्तक निघाले. 22 जानेवारी 1972 रोजी हैदराबादेत त्यांचे निधन झाले. बेगमपेठेत त्यांची समाधी आहे आणि शेजारी स्मारक समितीचे काम नरसिंह राव यांनी बरीच वर्षे पाहिले. चिंताकीहून हैदराबादला कामानिमित्त आपली माणसे सतत जातात. बेगमपेठ वाटेवरच आहे.