रुग्णसेवेच्या आद्य आचार्या : फ्लॉरेन्स नाइटिंगेल

आजाऱ्याच्या उशाशी रात्र जागून काढणे हे आपल्या घराघरांतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले कर्तव्य आहे. माता, भगिनी, पत्नी, सून यांनी ते निमूटपणे पार पाडले आणि त्याचा कधी उच्चारही केला नाही. परंतु रक्ताचे नाते नसलेल्या, जातीगोतीच्या नसलेल्या, नावही ठाऊक नसलेल्या माणसाची रुग्णालयात राहून शुश्रूषा करणे ही गोष्ट निराळी. आज या कार्याला समाजात मान आहे. तथापि पावणेदोनशे वर्षांपूर्वी यूरोपासारख्या सुधारलेल्या समजल्या जाणाऱ्या खंडातही ते अत्यंत हलके काम मानले जात असे. त्याला ज्ञान, शील आणि शिस्त यांचे अधिष्ठान देऊन एका प्रतिष्ठित जीवनधर्माचे रूप ज्या स्त्रीने दिले, ती फ्लॉरेन्स नाइटिंगेल. हाती दिवा घेतलेली दयेची मूर्ती म्हणून तिचे चित्र सर्वांच्या परिचयाचे आहे. पण नुसती दया रुग्णाला वाचवू शकत नाही, हे सत्य तिला किती मोठी किंमत देऊन कळले, ही तिच्या चरित्रातील खरी मननीय गोष्ट होय.

फ्लॉरेन्सचा जन्म इ. स. १८२० च्या मे महिन्याच्या १२ तारखेस इटलीतील फ्लॉरेन्स नगरात झाला. आईवडील इंग्रज असून प्रवासानिमित्त तेथे राहिले होते. त्या नगराचेच नाव त्यांनी कन्येस ठेवले. घराणे श्रीमंत होते. पिता विद्याव्यासंगी असल्यामुळे त्यांनी आपल्या दोन्ही मुलींना ग्रीक, लॅटिन, इतिहास, तत्त्वज्ञान आणि गणित हे विषय स्वतः शिकविले. त्या काळी मुलींना असे शिक्षण क्वचितच मिळे. धाकट्या फ्लॉरेन्सला गणिताची विशेष गोडी लागली, आणि पुढे या गोडीनेच हजारोंचे प्राण वाचविले.

इ. स. १८३७ च्या फेब्रुवारीच्या ७ तारखेस, वयाचे सतरावे वर्षही पुरे झाले नसता, ईश्वराने आपणास त्याच्या सेवेसाठी हाक दिली आहे असा तिला अनुभव आला. ही सेवा कोणती, ते मात्र तिला पुष्कळ वर्षे उमगले नाही. खेड्यातील गरीब आजाऱ्यांच्या झोपड्यांत जाऊ येऊ लागल्यावर हळूहळू तिच्या मनाचा निश्चय झाला. इ. स. १८४५ मध्ये जवळच्या रुग्णालयात शुश्रूषा शिकण्याची परवानगी तिने मागितली तेव्हा घरात एकच आकांत झाला. त्याला कारणही होते. त्या काळी सुस्थितीतील लोक घरीच औषधोपचार घेत. रुग्णालयात जात ते निराधार. तेथील दालने कोंदट आणि अस्वच्छ असत, आणि परिचारिकांविषयी तर मद्यपी व बेजबाबदार म्हणून लोकांत दुर्लौकिक होता. कुलीन घरातील कन्येने तेथे पाऊल टाकावे ही कल्पनाच मातेला असह्य झाली.

फ्लॉरेन्सने आईवडिलांचा त्याग केला नाही आणि आपला संकल्पही सोडला नाही. पहाटे उठून रुग्णालयांसंबंधीचे अहवाल वाचावेत, टाचणे काढावीत आणि दिवसभर घरच्या रीतीप्रमाणे वागावे, असा तिचा क्रम वर्षानुवर्षे चालला. एका सुविद्य सज्जनाने तिला मागणी घातली होती. त्याच्याविषयी मनात ओढ असताही, विवाह केल्यास हाती घ्यावयाचे कार्य होणार नाही हे ओळखून इ. स. १८४९ मध्ये तिने नकार दिला. पुढे इ. स. १८५१ मध्ये जर्मनीतील कैसर्सवर्थ येथील सेवासंस्थेत सुमारे तीन महिने राहून तिने रुग्णशुश्रूषेचे शिक्षण घेतले. इ. स. १८५३ मध्ये लंडनमधील आजारी स्त्रियांच्या एका लहानशा रुग्णालयाची व्यवस्था तिच्याकडे आली, तेव्हा पित्याने तिला वर्षाला ५०० पौंड देऊन तिच्या मार्गातील अडचण दूर केली. तेहतीस वर्षांच्या वयात तिचे खरे जीवन सुरू झाले.

पुढच्याच वर्षी क्रिमियाचे युद्ध पेटले. जखमी इंग्रज सैनिकांना काळ्या समुद्रापलीकडे, कॉन्स्टँटिनोपलसमोरील स्कुटारी येथे आणीत. तेथे त्यांची किती हेळसांड होत आहे हे वर्तमानपत्रांतून प्रसिद्ध होताच देशभर संताप उसळला. मंत्री सिडनी हर्बर्ट यांच्या विनंतीवरून नाइटिंगेलबाई ३८ स्त्रियांसह इ. स. १८५४ च्या ऑक्टोबरच्या २१ तारखेस लंडनहून निघाल्या आणि ४ नोव्हेंबर रोजी स्कुटारीस पोहोचल्या. एका प्रचंड तुर्की बराकीचेच रुग्णालय बनविलेले होते. खाटा अपुऱ्या, वस्त्रे अपुरी, पाणी मोजून मिळे, आणि इमारतीखाली तुंबलेली गटारे होती.

लष्करी वैद्यांना या स्त्रियांचे येणे रुचले नव्हते. बाईंनी वाद घातला नाही. वैद्याने सांगितल्यावाचून कोणीही रुग्णाला हात लावावयाचा नाही, असा दंडक त्यांनी आपल्या सहकारिणींना घालून दिला. थोड्याच दिवसांत जखमींची रीघ लागली आणि वैद्यांनी आपण होऊन त्यांचे साहाय्य मागितले. मग बाईंनी रुग्णांसाठी निराळी स्वयंपाकघरे उघडली, कपडे उकळून धुण्याची सोय केली, सामान विकत आणविले, सैनिकांना वाचनाची गोडी लावली आणि त्यांचा पगार मद्यात न जाता घरी पोहोचावा अशी व्यवस्था केली. रात्री सर्वत्र निजानीज झाल्यावर हाती कंदील घेऊन त्या खाटांच्या रांगांमधून एकट्या फिरत. हेच त्यांचे रूप जगाच्या स्मरणात राहिले.

परंतु या दिव्याच्या प्रकाशातही माणसे मरतच होती. इ. स. १८५५ च्या फेब्रुवारीत स्कुटारीतील मृत्यूंचे प्रमाण शेकडा ४२ पर्यंत चढले. सेवेत कोठे उणीव नव्हती, जागरणात कसूर नव्हती, तरी सैनिक ज्वराने आणि अतिसाराने दगावत होते. मार्च महिन्यात सरकारने पाठविलेले आरोग्य-मंडळ तेथे आले. त्याने गटारे साफ करविली, पाण्याच्या मार्गातील घाण काढली, भिंतींना चुना दिला आणि दालनांत वारा खेळेल अशी योजना केली. जूनपर्यंत मृत्यूंचे प्रमाण शेकडा २ च्या आसपास उतरले. त्याच सुमारास क्रिमियातील रुग्णालये पाहावयास गेल्या असता बाईंना स्वतःलाच प्राणघातक ज्वराने गाठले. तरीही युद्ध संपेपर्यंत त्यांनी आपले स्थान सोडले नाही.

इ. स. १८५६ मध्ये त्या स्वदेशी परतल्या तेव्हा सारा देश त्यांच्या सत्कारास उत्सुक होता. त्या मात्र टोपणनावाने प्रवास करून गुपचूप घरी आल्या. त्यांच्या मनाला एकच प्रश्न जाळीत होता : इतके सैनिक का मेले? प्रारंभी त्यांची समजूत अशी होती की थंडी आणि उपासमार यांनी खंगलेली ही माणसे फार उशिरा रुग्णालयात आली. पण विल्यम फार या संख्याशास्त्रज्ञाच्या साहाय्याने सर्व आकडे तपासल्यावर निराळेच सत्य पुढे आले. शत्रूच्या गोळीपेक्षा रोगाने कितीतरी अधिक सैनिक मारले होते. आणि त्यांतील पुष्कळांना रुग्णालयातील घाणीनेच मारले होते. ज्या ठिकाणी आपण अहोरात्र झटलो, तेच स्थान रुग्णांचा घात करीत होते आणि आपल्याला ते कळले नाही, हे जाणणे किती दुःसह असेल!

दुसऱ्या कोणी लौकिकाच्या छायेत हे सत्य झाकून ठेवले असते. बाईंनी ते आकड्यांनी आणि रंगीत आकृत्यांनी स्पष्ट मांडले, स्वतःच्या खर्चाने छापले आणि अधिकाऱ्यांच्या हाती दिले. इ. स. १८५८ मध्ये लंडनच्या संख्याशास्त्र-संस्थेने त्यांना सभासद करून घेतले. त्या संस्थेच्या त्या पहिल्या स्त्री-सभासद होत. त्यांच्या पुढील साऱ्या विचाराचे सूत्र याच अनुभवातून निघाले. रुग्णालयाने निदान रुग्णाचे अहित तरी करू नये, हा त्यांनी पहिला नियम मानला. शुश्रूषा म्हणजे केवळ कोमल अंतःकरण नव्हे. स्वच्छ हवा, स्वच्छ पाणी, प्रकाश, योग्य आहार आणि डोळस निरीक्षण यांचे ते शास्त्र आहे, असे त्या सांगू लागल्या.

कृतज्ञ जनतेने त्यांच्या नावे सुमारे ४५,००० पौंडांचा निधी जमविला होता. त्यातून इ. स. १८६० मध्ये लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात परिचारिकांची शाळा निघाली. विद्यार्थिनींना एक वर्षाचे शिक्षण, राहण्याजेवण्याची सोय आणि थोडे वेतन मिळे. प्रत्येकीच्या नावे दर महिन्याला दोन प्रकारची नोंद होई : एक तिच्या कौशल्याची आणि दुसरी तिच्या शीलाची. सत्यनिष्ठा, वक्तशीरपणा, शांतपणा, स्वच्छता आणि विश्वासूपणा यांचाही हिशेब ठेवला जाई. रुग्ण आपला देह, आपली लज्जा आणि आपली गुपिते परिचारिकेच्या स्वाधीन करतो. तेव्हा कुशल हातांइतकेच निर्मळ मनही तिच्याजवळ असले पाहिजे, हा त्यामागील हेतू होता.

या शाळेतून बाहेर पडलेल्या स्त्रियांनी दूरदूरच्या देशांत हे शिक्षण नेले. त्यांपैकी अॅग्नेस जोन्स यांनी इ. स. १८६५ मध्ये लिव्हरपूल येथील अनाथगृहाच्या रुग्णालयाचे काम पत्करले. तेथे निराधारांची शुश्रूषा निराधारांकडूनच करविली जात असे. शिक्षित परिचारिका श्रीमंतांच्याच वाट्याला यावी हे बाईंना मान्य नव्हते. दरिद्री रुग्णाचाही तितकाच अधिकार त्या मानीत. अॅग्नेस जोन्स यांनी तीन वर्षे तेथे झटून इ. स. १८६८ मध्ये रुग्णसेवा करीत असतानाच ज्वराने देह ठेवला.

पुढे परीक्षा घेऊन परिचारिकांची सरकारी नोंदवही करावी अशी चळवळ निघाली, तेव्हा बाईंनी तिला विरोध केला. परीक्षेने स्मरणशक्ती कळते, शील कळत नाही, असा त्यांचा आक्षेप होता. उलट पक्षाचे म्हणणे असे की, नोंदणी नसेल तर अशिक्षित व्यक्तीपासून रुग्णाचे रक्षण कोण करणार? त्यांच्या मृत्यूनंतर, इ. स. १९१९ मध्ये इंग्लंडात नोंदणीचा कायदा झाला. प्रमाणपत्राची आवश्यकता जगाने मान्य केली. पण प्रमाणपत्राने शीलाची हमी मिळत नाही, हा त्यांचा इशारा आजही खोटा ठरलेला नाही.

बाई भारतात कधी आल्या नाहीत, तथापि त्यांच्या आयुष्याची कित्येक वर्षे भारताच्या चिंतनात गेली. येथील लष्करी छावण्यांच्या आरोग्याची चौकशी करण्यासाठी इ. स. १८५९ मध्ये आयोग नेमला गेला. त्यासाठी बाईंनी ठाण्याठाण्यांकडे प्रश्नावली धाडून उत्तरांचा ढीग अभ्यासिला. इ. स. १८६३ च्या अहवालात गोऱ्या सैनिकांत दर हजारी वर्षाला ६९ मृत्यू होत असल्याचे दिसले; दहा वर्षांत ते प्रमाण १८ वर आले. पण त्यांची दृष्टी छावणीत अडकली नाही. दुष्काळ, पाटबंधारे, रयतेची कर्जे आणि खेड्यांची स्वच्छता यांवर त्या तळमळीने लिहीत राहिल्या. पुण्याच्या सार्वजनिक सभेशी ग्रामस्वच्छतेविषयी त्यांचा पत्रव्यवहार झाला, आणि मुंबईचे समाजसुधारक बेहरामजी मलबारी यांच्या इ. स. १८९२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चरित्रास त्यांनी प्रस्तावना लिहिली.

त्यांच्यात दोष नव्हते असे नाही. कामाच्या ध्यासापायी त्या स्वतःवर जशा कठोर होत्या तशाच इतरांवरही होत. जमैकाच्या मेरी सीकोल या अनुभवी स्त्रीने क्रिमियास जाण्यासाठी अर्ज केला असता अधिकाऱ्यांनी तिला परत लाविले. ती स्वतःच्या बळावर रणभूमीवर गेली आणि तिने सैनिकांची सेवा केली. तिच्याविषयी बाईंचे मत उदार नव्हते. दुर्गंधीयुक्त हवेपासून रोग उत्पन्न होतात ही त्यांची जुनी उपपत्तीही शास्त्राने पुढे त्याज्य ठरविली. मात्र उपपत्ती चुकली तरी स्वच्छतेचा आचार बरोबरच होता.

इ. स. १८५७ पासून त्या स्वतः बहुधा अंथरुणालाच खिळून होत्या. तेथूनच त्यांनी हजारो पत्रे लिहिली. वार्धक्यात दृष्टी गेली. इ. स. १९०७ मध्ये इंग्लंडच्या राजाने ‘ऑर्डर ऑफ मेरिट’ हा बहुमान दिला. तो मिळविणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. इ. स. १९१० च्या ऑगस्टच्या १३ तारखेस, वयाच्या नव्वदाव्या वर्षानंतर, त्यांनी देह ठेवला. थोरामोठ्यांच्या मंदिरात दफन करण्याची सूचना नाकारून आप्तांनी त्यांना गावच्या भूमीतच विसावा दिला. समाधिशिलेवर नावही नाही; केवळ दोन आद्याक्षरे आणि जन्ममृत्यूची वर्षे आहेत. त्यांचा जन्मदिवस आज जगभर परिचारिका-दिन म्हणून पाळला जातो.

इ. स. १८५९ मध्ये शुश्रूषेवर त्यांनी लिहिलेले छोटे पुस्तक मुख्यतः घरातील स्त्रियांसाठी होते, हे गृहस्थाश्रमी वाचकांनी ध्यानात ठेवावे. रुग्णाच्या दाराबाहेर कुजबुजू नये. त्याला एकाएकी जागे करू नये. खोट्या आशेचे शब्द बोलून त्याला शिणवू नये. त्याने किती खाल्ले, किती झोप घेतली हे अंदाजाने न सांगता पाहून सांगावे. आणि आपण खोलीत नसतानाही आपले काम अडू नये अशी व्यवस्था करावी. या साध्या गोष्टी पाळण्यास धन लागत नाही, अवधान लागते. रुग्णालयातील परिचारिका आपल्या आप्ताची सेवा करते तेव्हा तिला नोकर न समजता आदराने वागविणे हेही गृहस्थाचे कर्तव्यच होय. सेवेचा गर्व करणारा आपली चूक पाहू शकत नाही. स्वतःच्या सेवेतील उणीव डोळे उघडे ठेवून पाहणे आणि ती दूर करण्यासाठी उरलेले आयुष्य वेचणे, हाच या चरित्राचा बोध आहे.