डेल्फ्टचे कापड दुकानदार आणि दातांतली कीड

विद्यार्थीमित्रहो, 'दाताला कीड लागली' असे आपण सगळेच म्हणतो. दंततपासणीच्या दिवशी बालवर्गातील मुले आम्हाला हमखास विचारतात, की ही कीड म्हणजे अळी असते का? ती दिसते का? या प्रश्नाचे उत्तर द्यायचे तर एका माणसाची गोष्ट सांगावी लागते. ते दंतवैद्य नव्हते, प्राध्यापकही नव्हते. ते कापडाचे दुकानदार होते.

आंतोनी व्हान लेव्हेनहूक यांचा जन्म २४ ऑक्टोबर १६३२ रोजी हॉलंडमधील डेल्फ्ट या गावी झाला. वडील टोपल्या विणत. आंतोनी लहान असतानाच ते वारले. सोळाव्या वर्षी आंतोनी अ‍ॅमस्टरडॅमला एका कापडव्यापाऱ्याकडे उमेदवारीला लागले आणि १६५४ मध्ये डेल्फ्टला परतून त्यांनी स्वतःचे दुकान थाटले. विद्यापीठाची पायरी ते कधी चढले नाहीत. त्या काळी विद्वानांची भाषा लॅटिन होती, ती त्यांना येत नव्हती. जन्मभर त्यांनी लिहिले ते आपल्या मातृभाषेत, डचमध्ये.

कापडाचे सूत तपासायला दुकानदार भिंग वापरत. लेव्हेनहूक यांना त्या भिंगाचेच वेड लागले. ते स्वतः भिंगे घडवू लागले. मण्याएवढे एक भिंग धातूच्या दोन पत्र्यांत बसवायचे आणि पाहायची वस्तू सुईच्या टोकावर धरायची, एवढेच त्यांचे यंत्र. अशी पाचशेहून अधिक भिंगे त्यांनी केली. आज शिल्लक असलेल्यांपैकी एकातून वस्तू सुमारे २७० पट मोठी दिसते.

१६७३ मध्ये डेल्फ्टचेच डॉक्टर रेनियर द ग्राफ यांनी लंडनच्या रॉयल सोसायटीला त्यांची ओळख करून दिली. पाण्यात डोळ्यांना न दिसणारे जीव आहेत, असे लेव्हेनहूक यांनी १६७६ मध्ये कळवले, तेव्हा विश्वास ठेवणे तेथील विद्वानांना जड गेले. १६७७ मध्ये रॉबर्ट हूक यांनी ते जीव स्वतः पाहून खात्री करून दिली. १६८० मध्ये सोसायटीने या दुकानदाराला आपले सदस्य करून घेतले.

आता दातांकडे वळू. १७ सप्टेंबर १६८३ च्या पत्रात लेव्हेनहूक यांनी आपल्याच तोंडाची तपासणी लिहिली आहे. ते रोज मिठाने दात घासत, चूळ भरत, कापडाने दात पुसत. तरीही दाढांच्या फटींत पांढरा लगदा उरत असे. तो पावसाच्या पाण्यात कालवून भिंगाखाली धरला, तर त्यात असंख्य जीव वळवळताना दिसले! मग त्यांनी सुमारे आठ वर्षांच्या एका मुलाची लाळ पाहिली. नुसत्या लाळेत काही दिसले नाही, पण दातांमधला थर तीत मिसळताच जीवच जीव. ज्याने जन्मात कधी दात स्वच्छ केले नव्हते अशा एका म्हाताऱ्याच्या दातांवर तर त्यांची दाटी झालेली होती.

जोरकस व्हिनेगरने चूळ भरूनही त्यांनी पाहिले. वरचे जीव मेले, पण जाड थराच्या आतले जिवंतच राहिले. आमच्या मते हा छोटासा प्रयोग प्रत्येक घराने लक्षात ठेवावा. नुसत्या चुळीने काम भागत नाही, थर घासूनच काढावा लागतो.

दाताला धुरी देऊन काढलेल्या म्हणे अळ्याही त्यांच्याकडे आल्या होत्या. त्या जुन्या चीजमध्ये सापडतात तशाच अळ्या आहेत, असे त्यांनी १७०० मध्ये दाखवून दिले. आपल्याकडेही धुरी देऊन कीड काढण्याची समजूत होतीच.

मात्र आपण पाहिलेले जीवच दात किडवतात, हे लेव्हेनहूक यांना उमगले नाही. २६ ऑगस्ट १७२३ रोजी, नव्वदाव्या वर्षी ते निवर्तले. भिंगे घडवण्याची आपली उत्तम रीत त्यांनी कोणाला सांगितली नव्हती. त्यामुळे त्यांनी पाहिले तितके स्पष्ट पाहणारा पुढे बराच काळ कोणी निघाला नाही. तोंडातील जंतू अन्नातील साखर व पिठापासून आम्ल तयार करतात आणि त्याने दात झिजतो, हे बर्लिनमध्ये काम करणाऱ्या विलोबी मिलर यांनी १८९० मध्ये मांडले. किडलेल्या दातांतील स्ट्रेप्टोकॉकस म्युटन्स हा जंतू किलियन क्लार्क यांनी १९२४ मध्ये ओळखला. पहिल्या पत्रापासून येथवर यायला दोनशे चाळीस वर्षे लागली.

पालकहो, आता थोडे आपल्या घरातील चिमुरड्यांविषयी. बाळाच्या तोंडात हे जंतू बहुधा घरातल्यांच्याच लाळेतून येतात, उदाहरणार्थ उष्ट्या चमच्यातून. यात कोणाचा दोष नाही, पण मोठ्यांचे दात निरोगी असणे बाळाच्याही हिताचे आहे. झोपेत लाळ कमी सुटते, म्हणून दुधाची किंवा गोड पेयाची बाटली तोंडात ठेवून बाळाला झोपवणे सर्वांत घातक. हिरडीजवळ दातावर खडूसारखा पांढरा पट्टा दिसला तर तो किडीचा आरंभ समजावा आणि लगेच दंतवैद्याकडे जावे. पहिला दात येताच ब्रश सुरू करावा. तीन वर्षांपर्यंत फ्लोराइडयुक्त पेस्ट तांदळाच्या दाण्याएवढी, पुढे सहा वर्षांपर्यंत वाटाण्याएवढी पुरते. दुधाचे दात पडायचेच आहेत, असे म्हणून सोडून देऊ नये. पक्क्या दातांची जागा तेच राखून ठेवतात.

आणि बालमित्रांनो, दातातली कीड अळी नसते, हे आता तुम्हाला ठाऊक झाले. ती पाहायला निघालेल्या त्या दुकानदाराने आधी स्वतःच्या तोंडात पाहिले. आज रात्री झोपण्यापूर्वी तुम्हीही आरशासमोर उभे राहा, तोंड उघडा, नीट पाहा आणि मग ब्रश हातात घ्या.