सर्पगंधा आणि डॉ. रुस्तम वकील

या अंकात आम्ही तुम्हाला डॉ. रुस्तम जाल वकील यांची ओळख करून देत आहोत. त्यांचा जन्म १९११ साली मुंबईत एका पारशी कुटुंबात झाला. लंडनला वैद्यकीय शिक्षण घेऊन ते मायदेशी परतले आणि मुंबईच्या के.ई.एम. रुग्णालयात हृदयरोगतज्ज्ञ म्हणून काम करू लागले.

त्या काळी वाढलेल्या रक्तदाबावर खात्रीचे औषध नव्हते. सर्पगंधेचे मूळ मात्र आपल्या देशात पिढ्यान्पिढ्या सर्पदंशावर आणि वेडावर देत असत. त्याने रक्तदाब उतरतो, हे १९३१ साली कलकत्त्याच्या दोघा वैद्यकांनी लिहूनही ठेवले होते. पण बाहेरच्या जगात त्याची फारशी दखल घेतली गेली नाही. डॉ. वकील यांनी ५० रुग्णांना हे औषध दिले, रक्तदाब मोजून नोंदी ठेवल्या आणि १९४९ साली त्या एका ब्रिटिश नियतकालिकात छापल्या. मग जग जागे झाले. १९५२ साली स्वित्झर्लंडमध्ये त्या मुळातून रेसर्पिन वेगळे काढण्यात आले. डॉ. वकील यांना १९५७ साली अमेरिकेतील लास्कर पुरस्कार व १९५८ साली पद्मभूषण मिळाले. १९७४ साली त्यांचे निधन झाले.

त्यांच्या मागे या मुळाचा एक निराळाच गुण कळला. काही जंतूंवर प्रतिजैविके चालेनाशी होतात, हे तुम्ही ऐकले असेल. त्यांच्या अंगी जणू विहिरीवरची मोटर असते: औषध आत शिरले की ती उपसून बाहेर टाकते. ही मोटर रेसर्पिनने बंद पडते, असे १९९१ साली एका जंतूत दिसले. पुढे पू करणाऱ्या स्टॅफिलोकॉकस जंतूतही तेच आढळले. नॉरफ्लॉक्सॅसिनसारखे औषध त्याच्यावर पुन्हा जोर धरू लागले.

मग त्याची गोळी का निघाली नाही? मोटर बंद करायला लागणारी मात्रा माणसाच्या शरीराला सोसत नाही. (झाडपाल्याचे औषध बाधत नाही, असे आमच्या घरचे वडीलधारे अजून म्हणतात!) म्हणून शास्त्रज्ञ सौम्य वनस्पतींकडे वळले. आपल्या फोडणीतल्या काळ्या मिरीतील पिपेरिनही स्टॅफिलोकॉकसची तीच मोटर अडवते, असे २००६ साली जम्मूच्या सरकारी प्रयोगशाळेतील संशोधकांनी दाखवले. पण हा निकाल काचनळीतला. डॉ. वकील यांनी ५० माणसांवर घेतली तशी परीक्षा वेगळी असते.